आतड्यांतील शोषण

आतड्यांतील शोषण म्हणजे पचलेल्या अन्नातील पोषकद्रव्ये व पाणी आतड्याच्या अस्तरातून रक्तात व लसीकेत जाण्याची क्रिया होय. पेये, अन्न व पाचकरस मिळून रोज सुमारे ९ लिटर द्रव लहान आतड्यात येतो. बहुतेक सर्व द्रव तेथेच शोषला जातो. उरलेल्यातील बराचसा मोठे आतडे शोषते.

लहान आतड्यात ग्लुकोज व सोडियम एकाच वाहक प्रथिनाद्वारे पेशीत शिरतात आणि त्यांच्यामागून पाणी जाते. पटकीतही हा मार्ग शाबूत राहतो. १९७१ साली बनगावच्या निर्वासित छावणीत शिरेतून द्यावयाचे सलाईन अपुरे पडले, तेव्हा डॉ. दिलीप महालनबीस यांनी याच तत्त्वावरील जलसंजीवनी पाजून अनेकांचे प्राण वाचविले. मुंबईच्या उपनगरांत पावसाळ्यात होणाऱ्या गॅस्ट्रोतही तीच देतात. घरी ती १ लिटर स्वच्छ पाण्यात ६ सपाट चहाचे चमचे साखर व अर्धा चमचा मीठ विरघळवून करतात. मीठ मात्र अधिक पडू नये.