मिनिटेलवरचे उसने प्रेमी

टोपणनाव घेऊन अनोळखी माणसाशी प्रेमाच्या गप्पा मारण्याची रीत इंटरनेट घरोघरी येण्याआधीची आहे. फ्रान्समध्ये १९८२ साली टपाल-दूरध्वनी खात्याने ‘मिनिटेल’ देशभर सुरू केले. छोटा पडदा, पुढे उघडणारा कीबोर्ड आणि घरच्या फोनची तार. मूळ हेतू टेलिफोन डिरेक्टरी पाहण्याचा. पण गाजल्या त्या ‘गुलाबी’ गप्पांच्या सेवा.

३६१५ लावायचे, ‘उला’सारखे सेवेचे नाव टाइप करायचे आणि हवे ते नाव, वय, रूप घेऊन आत शिरायचे. लाजाळू माणसांना इथे धीर आला. लहान गावांतल्या समलिंगी पुरुषांना सोबती मिळाले, ही गोष्ट मला फार मोलाची वाटते.

पैसे मात्र मिनिटावर लागत, आणि त्यातला वाटा सेवाचालकाला मिळे. म्हणून चालकांनी पगारी माणसे बसवली. ती बायकांच्या नावाने लिहीत. त्यांत कितीतरी पुरुष असत. एकाच वेळी अनेकांशी बोलायचे, लाडीगोडी लावायची, भेटीचा विषय निघाला की टोलवायचा. बिल वाढत राही.

दोघांनाही ठाऊक असलेले सोंग हा खेळ आहे. एकाच्याच खिशाला चाट लावणारे सोंग ही फसवणूक. मिनिटेल ३० जून २०१२ रोजी बंद झाले, पण ही युक्ती बंद झाली नाही. समोरची व्यक्ती भेट सतत टाळत असेल आणि तुमचा खर्च वाढतच असेल, तर बोलणे तिथेच थांबवा.