जन्मतारखेची चूक आणि न्यायालयाची पायरी

प्रतिनिधी, उल्हासनगर

फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या निर्वासितांच्या छावणीतून १९४९ साली उल्हासनगर हे शहर आकाराला आले. घरदार सोडून आलेल्या या कुटुंबांपैकी कितीतरी जणांजवळ मुलांचे जन्मदाखले नव्हते. शाळेत जन्मतारीख तोंडीच सांगितली गेली. अंबरनाथ-बदलापूरच्या खेड्यांत काय किंवा राज्यात अन्यत्र काय, वय बसावे म्हणून गुरुजींनी १ जून ही तारीख लिहून टाकण्याची रीत तर सर्वपरिचित आहे. या नोंदीची किंमत कळते ती पारपत्र किंवा निवृत्तिवेतनाच्या वेळी.

मूल शाळेत असेपर्यंत मार्ग सोपा असतो. माध्यमिक शाळा संहितेनुसार पालकांनी पुराव्यासह मुख्याध्यापकांकडे अर्ज करावा. शिक्षणाधिकाऱ्यांच्या मंजुरीनंतर जनरल रजिस्टरमध्ये दुरुस्ती होते. शाळा सोडल्यावर मात्र केवळ उघड दिसणारी चूकच सुधारता येते. बाकीच्यांना दिवाणी न्यायालयात जाऊन विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम ३४ अन्वये खरी जन्मतारीख घोषित करून मागावी लागते. शासनाला प्रतिवादी करायचे असल्यास सर्वसाधारणपणे दोन महिन्यांची पूर्वसूचना द्यावी लागते. अशा दाव्यास तीन वर्षांची मुदत असते, हे अनेकांच्या गावीही नसते. नोटरीपुढे केलेले प्रतिज्ञापत्र ही न्यायनिर्णयाची जागा घेऊ शकत नाही. तरी पहिला खर्च बहुधा त्यावरच होतो!

खरी भिस्त पुराव्यावर. सिडकोच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये जन्म-मृत्यू नोंदवहीतील नोंद शाळेच्या नोंदीपेक्षा वरचढ मानली. त्यामुळे जन्म झाला त्या महापालिकेच्या, नगरपरिषदेच्या किंवा ग्रामपंचायतीच्या दप्तरातील उतारा सर्वप्रथम शोधावा. जन्माची नोंदच झाली नसेल, तर एक वर्षानंतरच्या नोंदणीचे आदेश पूर्वी प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी देत. २०२३ च्या दुरुस्तीने तो अधिकार जिल्हा दंडाधिकारी, उपविभागीय दंडाधिकारी किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या कार्यकारी दंडाधिकाऱ्यांकडे गेला आहे.

सरकारी नोकरांची गोष्ट आणखी कठीण. केंद्र व राज्य या दोन्हींच्या सेवानियमांत दुरुस्तीच्या अर्जासाठी नोकरीला लागल्यापासून पाच वर्षांची मर्यादा आहे. निवृत्ती तोंडावर आल्यावर जाग येऊन केलेल्या अर्जांना दाद देऊ नये, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९३ पासून वारंवार बजावले आहे. अशा वेळी जन्मदाखला खरा असूनही कर्मचाऱ्याला शाळेतील चुकीच्या तारखेनुसारच निवृत्त व्हावे लागते.