फुकट आज्ञावलीची खरी किंमत

लग्नसराई सुरू झाली की तालुक्याच्या गावातील फोटो स्टुडिओंना उसंत नसते. रात्ररात्र जागून अल्बम सिद्ध होतात. या कामासाठी लागणारी 'फोटोशॉप' ही संगणकाची आज्ञावली मात्र अनेक ठिकाणी विकत घेतलेली नसते. कुणीतरी पेनड्राइव्हवर आणून दिलेली, कुलूप तोडलेली प्रत असते. यात वावगे काही वाटत नाही, कारण मूळ मालकाकडील वस्तू जागच्या जागीच राहते. मग नुकसान होते कोणाचे?

पहिले नुकसान वापरणाराचेच. प्रताधिकार कायद्यातील कलम '६३-ब' अन्वये अशी प्रत जाणूनबुजून वापरणे हा गुन्हा असून, किमान सात दिवस ते तीन वर्षे कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड अशी शिक्षा आहे. वापर धंद्यासाठी नसेल तर न्यायालय कैद माफ करू शकते. स्टुडिओवाल्याला ही सवलत नाही.

कायद्याहून जवळचा धोका निराळाच आहे. अशी प्रत संगणकावर बसविताना विषाणुरोधक यंत्रणा बंद करावी, अशी सूचना बहुधा आरंभीच दिलेली असते. पहारेकऱ्याला रजा देऊन अनोळखी माणसाला घरात घेण्याचाच हा प्रकार होय. २०१८ च्या सुमारास पसरू लागलेल्या 'स्टॉप' या रॅन्समवेअरने मुख्यतः याच वाटेने संगणकांत शिरकाव केला. सर्व फायली कुलूपबंद करून ९८० डॉलरची खंडणी मागावयाची आणि तीन दिवसांत पैसे भरल्यास निम्मी सूट द्यावयाची, अशी तिची रीत. खंडणी देऊनही फायली परत मिळतील याची शाश्वती नसते, आणि छायाचित्रे गेली म्हणून झालेले लग्न पुन्हा लावता येत नाही.

तथापि स्टुडिओवाल्याची अडचणही खोटी नाही. २०१३ पासून अडोबी कंपनीने फोटोशॉपच्या नव्या आवृत्त्या कायमच्या विकणे थांबवून त्या भाड्याने देण्याचे धोरण स्वीकारले. ज्याची मिळकत चार महिन्यांच्या हंगामावर अवलंबून आहे, त्याला बारमाही भाडे जड वाटणे स्वाभाविक आहे. पण भाडे परवडत नाही यावरून चोरी हाच एकमेव मार्ग उरतो, असे सिद्ध होत नाही.

बर्कले येथील स्पेन्सर किंबॉल आणि पीटर मॅटिस या दोन विद्यार्थ्यांनी आरंभिलेली 'जिंप' ही आज्ञावली १९९६ पासून सर्वांना विनामूल्य उपलब्ध आहे. तिची तिसरी मोठी आवृत्ती २०२५ मध्ये निघाली. कॅमेऱ्यातील कच्च्या प्रतिमांवर संस्कार करण्यासाठी 'डार्कटेबल' आहे, चित्रकलेसाठी 'क्रिता' आहे. मराठी मजकुरासाठी मुंबईच्या 'एक टाइप' या संस्थेचे 'मुक्त' आणि 'बलू' हे टंकही खुल्या परवान्याने मिळतात. छापखान्याला लागणाऱ्या चार रंगांच्या कामात जिंप अद्याप तोकडी पडते, हे मान्य केले पाहिजे. परंतु लग्नाची छायाचित्रे लॅबकडे साधारणतः तीन रंगांच्या फायलींतच जातात. त्यांना ही उणीव बाधत नाही.

मग हे पर्याय रुजत का नाहीत? अर्थशास्त्राच्या दृष्टीने उत्तर सोपे आहे. महाग वस्तू चोरीने फुकट मिळू लागली की स्वस्त वस्तूला गिऱ्हाईक राहत नाही. गावातील संगणकवर्ग एकच आज्ञावली शिकवितात, कारीगर तीच शिकतात, मालक तीच जाणणारा कारीगर शोधतो. म्हणजे चोरीचा फटका बलाढ्य कंपनीपेक्षा तिच्या दुबळ्या प्रतिस्पर्ध्यांना अधिक बसतो आणि मक्तेदारी उलट दृढ होते. ज्याला आपण कंपनीवर सूड समजतो, तो वस्तुतः तिचा फुकटचा प्रचार असतो.

हे चक्र शिक्षणाच्या टोकाला तोडावे लागेल. केरळमधील सरकारी शाळांत संगणकशिक्षण मुक्त आज्ञावलींवर दिले जाते आणि मुले जिंप हाताळावयास शिकतात. महाराष्ट्रातील औद्योगिक प्रशिक्षण संस्थांना आणि महाविद्यालयांना हे अशक्य नाही. त्यासाठी परवान्यापोटी एक रुपयाही खर्च करावा लागत नाही. धाडी घालून भीती निर्माण करता येईल, सवय बदलता येणार नाही. हात ज्या हत्याराला सरावतो तेच तो उचलतो. ते हत्यार प्रामाणिकपणे मिळविलेले असावे, एवढी तजवीज शिक्षणसंस्थांनी केली तरी पुष्कळ होईल.