तळ्याकाठचा रस्ता

रस्ता माणसांच्या येण्याजाण्यासाठी असतो, हे लहान मुलालाही ठाऊक असते. परंतु त्याच रस्त्याला पाण्याचीही वाट सांभाळावी लागते, ही गोष्ट फार थोड्यांच्या ध्यानात येते. तळ्याच्या काठाने जाणाऱ्या रस्त्याकडे नीट पाहिले, म्हणजे तिची प्रचीती येते.

वाशीम जिल्ह्यातील मंगरूळपीरचा परिसर घ्या. हा मुलूख जलविभाजकाच्या जवळ आहे. जलविभाजक म्हणजे पावसाच्या पाण्याला दोन दिशांना वाटून देणारा उंचवटा. या भागातील काटेपूर्णा नदीचे पाणी पूर्णेतून तापीला व तेथून अरबी समुद्राला मिळते. उलट, अरुणावती आणि अडाण या नद्यांचे पाणी पैनगंगा, वर्धा, प्राणहिता व गोदावरी या मार्गाने बंगालच्या उपसागराला जाते. एकाच ढगातून पडलेल्या दोन थेंबांचा प्रवास असा किती वेगळा!

उंचवट्याच्या माथ्याने रस्ता नेला, तर त्याला ओढेनाले फारसे आडवे येत नाहीत. तळे मात्र सखल जागी असते. चहूकडचे ओहोळ त्याच्याकडे धावत येतात आणि काठाच्या रस्त्याला ते एकेक करून ओलांडावे लागतात. म्हणून असा रस्ता लांबीने लहान असला, तरी बांधायला सोपा नसतो.

त्यात आपली जमीन काळी. कापसाला ती वरदान आहे. रस्त्याला मात्र ती जाचक ठरते. पाणी पिऊन ती फुगते आणि उन्हाळ्यात आकसून भेगाळते. जिचा पायाच असा वरखाली होतो, ती इमारत टिकेल काय? म्हणून कुशल बांधकाम करणारे प्रथम मातीचा भराव घालून रस्ता पाण्याच्या पातळीपेक्षा पुरेसा उंच करतात. भरावावर मुरूम पसरून तो दाबतात, त्यावर काळ्या दगडाच्या खडीचे थर देतात आणि शेवटी डांबर व बारीक खडी यांचे आच्छादन घालतात. रस्त्याचा मध्य कडांपेक्षा किंचित उंच ठेवतात; त्यामुळे पाणी वर न साचता दोन्ही बाजूंना ओघळते. तळ्याच्या बाजूचा उतार लाटांनी खचू नये, यासाठी त्यावर दगडांची फरसबंदी करतात.

एवढे केले, तरी खरे महत्त्वाचे काम उरतेच. ते म्हणजे मोऱ्यांचे. ओहोळ जेथे रस्त्याला भेटतो, तेथे रस्त्याच्या पोटातून पाण्याला वाट ठेवतात. तिला मोरी म्हणतात. मोरी बुजली, की दुहेरी हानी होते. अडलेले पाणी भरावात मुरते, पाया भुसभुशीत होतो आणि जड गाड्यांखाली रस्ता खचतो. दुसरीकडे, तळ्याकडे जाणारे पाणी अडल्यामुळे तळे पुरेसे भरत नाही आणि त्यावर अवलंबून असलेल्या विहिरी, गुरे व शेते यांना त्याची झळ पोहोचते. मोरी दिसायला क्षुल्लक. पण रस्ता व तळे या दोहोंचे आयुष्य तिच्यावर अवलंबून असते.

काही ठिकाणी वाट तळ्याच्या बांधावरूनच जाते. विदर्भाच्या पूर्वेस भंडारा, गोंदिया, चंद्रपूर या जिल्ह्यांत मालगुजारांच्या काळातील हजारो तलाव आहेत. त्यांपैकी अनेक कोहळी समाजाच्या कसबी लोकांनी बांधले. बांधावरून येजा चाले, पाण्यावर भातशेती पिके. १९५१ साली मालगुजारी संपली व हे तलाव सरकारकडे आले. पुढे अनेक ठिकाणी गाळ साचला आणि बांध कमजोर झाले. जे बांधले, ते सांभाळलेही पाहिजे, हा धडा त्यांतून मिळतो.

रस्ते कोणी सांभाळावेत, याचा विचारही आपल्या देशात पद्धतशीरपणे झाला आहे. १९२७ साली मुकुंदराव जयकर यांच्या अध्यक्षतेखाली रस्त्यांविषयी समिती नेमण्यात आली. १९४३ साली नागपूर येथे भरलेल्या अभियंत्यांच्या परिषदेत रस्त्यांची राष्ट्रीय, प्रांतिक, जिल्हा व ग्रामीण अशी वर्गवारी ठरली. त्यांतील प्रांतिक मार्ग म्हणजेच आजचे राज्यमार्ग. रस्त्याच्या कडेचा मैलाचा दगड पाहा. त्याचा माथा पिवळा असेल, तर तो राष्ट्रीय महामार्ग. हिरवा असेल, तर राज्यमार्ग.

मुलांनो, तळे तुडुंब भरले, की जादा पाणी सांडव्यावरून वाहते. तेथे रस्त्यावर फरशी असेल व तिच्यावरून पाणी धावत असेल, तर ते ओसरेपर्यंत थांबावे. सुमारे ३० सेंटीमीटर खोल वाहते पाणी लहान मोटारगाडीला उचलू शकते; मग माणसाची काय कथा! तसेच, एखाद्या मोरीच्या तोंडाशी प्लॅस्टिकच्या पिशव्या व गाळ साचलेला दिसला, तर स्वतः आत न शिरता ती गोष्ट वडीलधाऱ्यांच्या व ग्रामपंचायतीच्या कानी घालावी. पावसाळ्यापूर्वी घमेलेभर गाळ काढला, तर पुढे गाडाभर खडी वाचते. पाण्याला त्याची वाट मोकळी ठेवली, तरच आपली वाट सुरक्षित राहते.