पान्झानेल्ला : शिळ्या पावाची कोशिंबीर

इटलीच्या तोस्काना प्रांतात, म्हणजे फ्लॉरेन्सच्या आसपास, उन्हाळ्यात पाव-टोमॅटोची एक कोशिंबीर घरोघरी होते. तिचे नाव पान्झानेल्ला. हॉटेलांत ती मागवली तर बहुधा कुरकुरीत भाजलेल्या पावाचे तुकडे टोमॅटोवर टाकून मिळतात. चवीला तो प्रकार वाईट नाही, पण पदार्थाचा हेतूच त्यात हरवतो. पान्झानेल्ला करायची ती कालपरवाचा कडक झालेला पाव फुकट जाऊ नये म्हणून. आपल्याकडे शिळ्या पोळीचा कुस्करा होतो, त्याच जातीचे हे काम.

टोमॅटो तर यात मागाहून आला. सोळाव्या शतकात मेदिची घराण्याच्या दरबारी असलेला चित्रकार ब्रोन्झिनो कविताही करीत असे. कांद्याच्या स्तुतीत त्याने लिहिलेल्या कवितेत पावाबरोबर खायच्या कोशिंबिरीचा उल्लेख आहे. तीत कांदा, काकडी आणि घोळ आहे. होय, पावसाळ्यात आपल्या परसात आपोआप उगवते तीच आंबूस घोळ! टोमॅटो अमेरिकेतून युरोपात पोहोचला तो याच शतकात, आणि रोजच्या ताटात रुळायला त्याला पुढे बराच काळ लागला.

तोस्कानाच्या पारंपरिक पावात मीठ नसते. यामागे मिठावरचा कर होता असे कोणी सांगतात, तर कोणी पिसा शहराशी असलेल्या वैराकडे बोट दाखवतात. आपल्या कामाची गोष्ट एवढीच की तो पाव जाड कवचाचा आणि अंगाने घट्ट असतो, त्यामुळे भिजूनही त्याचा लगदा होत नाही. पिशवीतल्या मऊ स्लाइस ब्रेडचा मात्र चिकट गोळा होतो. गोव्यात आपल्याला ती अडचण नाही. पोदेराकडचे उंडे दोन दिवसांनी या कामाला उत्तम. फक्त त्यांत मीठ असते, म्हणून वरून बेताने घालावे.

पाव शिळा होतो म्हणजे नुसता वाळतो असे नाही. भाजताना फुललेला पिठातला स्टार्च थंड झाल्यावर पुन्हा घट्ट होऊ लागतो, आणि फ्रिजमध्ये हे आणखी लवकर घडते. खाण्याचा पाव म्हणूनच फ्रिजमध्ये ठेवू नये. पावसाळ्यात मात्र बाहेर ठेवलेला पाव कडक होण्याआधी बुरशी धरतो. तेव्हा त्याचे जाड काप करून मंद ओव्हनमध्ये, रंग न येऊ देता, सुकवून घ्यावेत. बुरशी आलेला पाव टाकूनच द्यावा.

चार माणसांसाठी पाव किलो शिळा पाव, अर्धा किलो पिकलेले लाल टोमॅटो, एक कांदा आणि एक काकडी पुरे. काकडी काही तोस्कानी घरांत घालतात, काहींत नाही. कांदा पातळ चिरून पाण्यात थोडे व्हिनेगर घालून भिजत ठेवावा, म्हणजे उग्रपणा जातो. टोमॅटो चिरून मीठ लावून ठेवावेत. सुटलेला रस अजिबात ओतून देऊ नका. अर्धी चव त्यातच असते.

आता मुख्य काम. पाव थंड पाण्यात बुडवावा आणि आतपर्यंत मऊ झाला की दोन्ही हातांनी घट्ट पिळावा. वेळ पावाच्या कडकपणावर अवलंबून. पाच मिनिटांनी एक तुकडा दाबून पाहावा. पिळलेला पाव बोटांनी मोकळा करायचा, कांदेपोह्यांसाठी भिजवलेले पोहे मोकळे करतो तसा. मग त्यात रसासकट टोमॅटो, निथळलेला कांदा, काकडी, चार मोठे चमचे ऑलिव्ह तेल आणि एक चमचा व्हिनेगर घालून कालवावे. तिकडे लाल वाइनचे व्हिनेगर वापरतात. आम्ही माडाच्या सुरेचे घालतो आणि ते छान लागते.

पाने बेसिलची हवीत. सब्जाचे बी ज्या जातीच्या झाडाचे, तीच ही वनस्पती. वृंदावनातली तुळस वेगळी आणि तिचा वास इथे जुळत नाही. पाने हातानेच तोडून शेवटी घालावीत.

कालवून झाल्यावर तासभर तरी झाकून गार जागी ठेवावे. तेवढ्या वेळात पाव टोमॅटोचा रस पिऊन घेतो. वाढण्याआधी चाखून मीठ-व्हिनेगर पाहावे, कारण पाव दोन्ही ओढून घेतो. परसात घोळ असेल तर तिची कोवळी पाने ऐनवेळी पेरावीत.