पंचवीस लाखांचे कर्ज, बावन्न लाखांची फेड : घरकर्जाचा खरा हिशेब



दसऱ्याचे सोने वाटून झाले आणि दुसऱ्याच दिवशी आपले एक जुने सभासद पेढ्यांचा पुडा घेऊन कार्यालयात आले. मुलगा तिकडे पाताळगंगेच्या औद्योगिक वसाहतीत नोकरीला आहे. त्याने आपट्याला घर धरले. आपटा म्हणजे पनवेल तालुक्यातले, पाताळगंगेच्या काठचे गाव. पनवेल-रोहा रेल्वेमार्गावर त्याचे स्टेशन आहे. "काल आपट्याची पानं वाटली, आज आपट्यालाच घर!" असे म्हणत त्यांनी पेढे वाटले. आम्हीही आनंदाने खाल्ले.

मग त्यांनी पिशवीतून कागदांची चळत काढली. म्हणाले, "जामीन म्हणून माझी सही पाहिजे. पोरगं म्हणतंय, हप्ता एकवीस हजार सातशे, जमतंय. पण ह्या शेवटच्या ओळीत बावन्न लाख लिहिलंय बघा. कर्ज तर पंचवीसचं. छापायला चुकलंय का?"

छापायला चुकले नव्हते. त्यांना जे समजावून सांगितले, तेच सर्व सभासदांसाठी येथे देत आहोत. कारण आज आपल्यापैकी कितीतरी जणांची मुले पुणे, पिंपरी, पनवेलकडे नोकरीला आहेत, आणि आज ना उद्या असा कागद प्रत्येकाच्या घरी येणार आहे.

हप्त्यात काय काय असते?

हिशेबासाठी कर्ज २५ लाख, व्याज साडेआठ टक्के, मुदत २० वर्षे धरू. मासिक हप्ता २१,६९६ रुपये येतो. हप्ते २४०. गुणाकार केला की ५२ लाख ७ हजार. म्हणजे मुद्दल २५ लाख आणि व्याज २७ लाख ७ हजार. मुद्दलापेक्षा व्याज जास्त!

हे कसे होते? पहिल्या महिन्याचे व्याज काढा. २५ लाखांवर साडेआठ टक्क्यांनी वर्षाचे व्याज २,१२,५०० रुपये, महिन्याचे १७,७०८ रुपये. हप्ता भरला २१,६९६ रुपयांचा. त्यातले १७,७०८ व्याजात गेले, मुद्दल फिटले फक्त ३,९८८ रुपये. दुसऱ्या महिन्याला व्याज २८ रुपयांनी कमी, मुद्दल २८ रुपयांनी जास्त. मुद्दल असे मुंगीच्या पावलाने उतरते.

पाच वर्षे नियमित हप्ते भरले, १३ लाख रुपये गेले, तरी २५ लाखांपैकी २२ लाख ३ हजार बाकी असतात. दहा वर्षे झाली, २६ लाख भरून झाले, म्हणजे घेतले त्यापेक्षा जास्त दिले, तरी साडेसतरा लाख उभेच! अकरा वर्षे दहा महिन्यांपर्यंत प्रत्येक हप्त्यात व्याजाचा वाटा मुद्दलापेक्षा मोठा असतो. त्यानंतर कुठे पारडे फिरते.

यात बँकेने काही लबाडी केली असे नाही, बरं का. व्याज उरलेल्या बाकीवरच लागते. पण बाकी फार दिवस उभी राहते, म्हणून व्याज फार दिवस चालते. आपल्याला वर्षाच्या कर्जाची सवय. सोसायटीचे पीककर्ज घ्यायचे, ऊस गेला की बिलातून वळते करायचे. तेथे टक्का पाहिला की हिशेब समजतो. घरकर्जात टक्का अर्धीच गोष्ट सांगतो. उरलेली अर्धी गोष्ट वर्षे सांगतात.

उसात मोजले तर?

रुपयांचा एवढा मोठा आकडा डोक्यात बसत नाही, म्हणून तो उसात मोजून पाहू. केंद्र सरकारने २०२५-२६ च्या हंगामासाठी १०.२५ टक्के उताऱ्याला टनास ३,५५० रुपये एफआरपी ठरवली. तोडणी-वाहतूक वजा न करता हाच दर धरू. महिन्याचा हप्ता म्हणजे सहा टन ऊस. वर्षाचे हप्ते म्हणजे ७३ टन. एकरी ४० टन उतारा धरला तर जवळजवळ दोन एकरांचा सगळा ऊस, दरवर्षी, वीस वर्षे. त्यात नुसत्या व्याजापोटी जाणारा ऊस ७६२ टन, म्हणजे १९ एकरांचा. तोडणी-वाहतूक, खत, पाणी, मजुरी वजा केली तर एकर आणखी वाढतील.

हे ऐकल्यावर आमचे सभासद थोडा वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "म्हणजे एक घर पोराला, आणि एक घर बँकेला."

मुदत वाढली की घर महागते

कर्ज देणारे लोक हप्ता किती बसेल ते विचारतात. हप्ता हलका करायचा सोपा मार्ग म्हणजे मुदत वाढवणे. त्याची किंमत पाहा. कर्ज तेच २५ लाख, दर तोच साडेआठ :

१० वर्षे : हप्ता ३०,९९६ रुपये, एकूण व्याज १२ लाख २० हजार
१५ वर्षे : हप्ता २४,६१९ रुपये, एकूण व्याज १९ लाख ३१ हजार
२० वर्षे : हप्ता २१,६९६ रुपये, एकूण व्याज २७ लाख ७ हजार
३० वर्षे : हप्ता १९,२२३ रुपये, एकूण व्याज ४४ लाख २० हजार

वीसाची तीस वर्षे केली तर हप्ता अडीच हजारांनीसुद्धा कमी होत नाही, पण व्याज १७ लाखांनी वाढते. उलट वीसाची पंधरा केली तर महिन्याला २,९२३ रुपये जास्त भरावे लागतात आणि पावणेआठ लाख वाचतात. 'हप्ता किती?' या प्रश्नाबरोबर 'असे हप्ते किती?' हा प्रश्न विचारलाच पाहिजे.

दर बदलला की काय होते?

घरकर्जाचा दर बहुधा बदलता असतो. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेली बदलत्या दराची नवी घरकर्जे बाहेरच्या एखाद्या दराशी, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी, बांधलेली आहेत. रेपो दर एप्रिल २०२२ मध्ये ४ टक्के होता, तो फेब्रुवारी २०२३ पर्यंत साडेसहा टक्के झाला. दहा महिन्यांत अडीच टक्के! पुढे २०२५ मध्ये तो उतरलाही.

दर वाढला तरी पुष्कळांचा हप्ता वाढत नाही, म्हणून घरात कोणाला काही कळत नाही. वाढते ती मुदत. वरच्या आपल्या कर्जात सुरुवातीलाच दर साडेआठचा साडेनऊ झाला आणि हप्ता तोच ठेवला, तर २४० हप्त्यांचे ३०९ होतात. एका टक्क्याने ६९ हप्ते, म्हणजे सुमारे १५ लाख रुपये वाढले, आणि खिशाला चटका बसला नाही म्हणून कोणी विचारलेही नाही.

यावर रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये नियम केला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे निवडण्याची संधी कर्जदाराला दिली पाहिजे. मुलांना सांगा, असे पत्र किंवा संदेश आला तर तो वाचल्याशिवाय सोडू नका. झेपत असेल तर हप्ता वाढवा, मुदत वाढवू नका.

हप्त्याबाहेरचा खर्च

घराची किंमत आणि कर्ज यांच्यामध्ये बऱ्याच गोष्टी बसलेल्या असतात. मुद्रांक शुल्क जागेप्रमाणे लागते. खरेदी बाईच्या नावे असेल तर महाराष्ट्रात त्यात एक टक्का सवलत आहे. नोंदणी फी एक टक्का, जास्तीत जास्त ३० हजार. बांधकाम चालू असलेल्या घरावर जीएसटी लागतो, पूर्णत्वाचा दाखला मिळालेल्या घरावर लागत नाही. शिवाय बँकेची प्रक्रिया फी, वकिलाची तपासणी फी, सोसायटीची वर्गणी आहेच.

कर्जाच्या विम्याचा एकरकमी हप्ता पुष्कळदा कर्जातच मिळवतात. विमा असावा, पण एक लाख रुपये कर्जात मिळवले की वीस वर्षांत त्याचे २ लाख ८ हजार होतात, हे लक्षात ठेवा. झेपत असेल तर तो रोख भरावा, आणि इतर ठिकाणी किती पडतो तेही विचारावे.

घर बांधून होत असताना बँक पैसे टप्प्याटप्प्याने देते. ताबा मिळेपर्यंत दिलेल्या रकमेवर नुसते व्याज भरण्याची सोय असते. १५ लाख दिले असतील तर महिन्याचे १०,६२५ रुपये, दोन वर्षांत अडीच लाख. आणि मुद्दल एका रुपयानेही कमी नाही. वर राहत्या खोलीचे भाडे वेगळे. ताबा जितका लांबेल तितका हा खड्डा मोठा. म्हणून प्रकल्पाची महारेराकडे नोंदणी आहे का आणि ताब्याची तारीख कोणती दिली आहे, ते आधी पाहावे.

१ ऑक्टोबर २०२४ पासून कर्ज देताना मुख्य माहितीचे एक पत्रक देणे बँकांना बंधनकारक आहे. त्यात व्याज आणि इतर खर्च धरून पडणारा खरा वार्षिक दर लिहिलेला असतो. दोन बँकांची तुलना त्या दराने करावी, जाहिरातीतल्या दराने नव्हे.

उसाच्या बिलाचा उपयोग

आता उपाय. व्याज वेळेवर चालते, तर वेळ कापायची. वरच्याच कर्जात वर्षातून एकदा, बिल आले की, ५० हजार रुपये मुद्दलात जादा भरले तर काय होते? कर्ज वीसाऐवजी चौदा वर्षांच्या आतच फिटते. जादा भरले साडेसहा लाख. ते धरूनही एकूण फेड ५२ लाखांवरून ४३ लाखांच्या आत येते. सव्वानऊ लाख वाचले. आणि ५० हजार म्हणजे उसात किती? त्याच दराने चौदा टन. वर्षाला चौदा टनांनी सहा वर्षे कापली जातात.

पहिल्या वर्षांत भरलेला रुपया सर्वात जास्त काम करतो. शेवटच्या दोन वर्षांत जादा भरून फारसे वाचत नाही, कारण तोवर व्याज जाऊन चुकलेले असते. बदलत्या दराच्या वैयक्तिक घरकर्जावर मुदतीपूर्वी फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून घेता येत नाही. मात्र जादा रक्कम भरताना 'हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा' असे लेखी द्यावे, आणि नवा परतफेडीचा तक्ता मागून घ्यावा.

पण एक सांभाळा. घरकर्ज लवकर फेडायचे म्हणून सोसायटीचे पीककर्ज थकवू नका. वेळेवर फेडल्यास तीन लाखांपर्यंतचे पीककर्ज आपल्या राज्यात बिनव्याजी पडते. ती सवलत घालवून साडेआठ टक्क्यांचे कर्ज फेडणे म्हणजे दुधाची गाय विकून ताकाची सोय करणे.

सही करण्यापूर्वी

जामीनदाराची सही ही ओळखीची सही नव्हे. भारतीय करार कायदा, १८७२ च्या कलम १२८ प्रमाणे, करारात वेगळे लिहिले नसेल तर जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते. हप्ते ९० दिवसांहून अधिक थकले की खाते अनुत्पादक ठरते, आणि २००२ च्या सरफेसी कायद्याखाली साठ दिवसांची नोटीस देऊन बँक घराचा ताबा घेण्याची कारवाई करू शकते. शेतजमीन त्या कायद्यातून वगळलेली आहे. पण म्हणून जमीन निर्धास्त समजू नये. जामीनदारावर दिवाणी मार्गाने वसुली होऊ शकते. आणि सुरुवातीच्या रकमेसाठी स्वतः जमिनीवर बोजा चढवून घेतला असेल तर तो सातबाऱ्याच्या इतर हक्कांत दिसणारच.

कर्ज पूर्ण फिटले की मूळ कागदपत्रे ३० दिवसांत परत मिळाली पाहिजेत. बँकेच्या चुकीने उशीर झाल्यास दिवसाला ५ हजार रुपये भरपाईचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. तो हक्क आपला आहे.

हे सारे वाचून कोणी घर घेऊ नये असा निष्कर्ष काढू नये. भाडे भरले तर तेही जातेच, आणि त्याचे घर होत नाही. वीस वर्षांनंतरचा एकवीस हजारांचा हप्ता आजच्या इतका जडही वाटणार नाही, कारण पगार आणि महागाई दोन्ही वाढतात. पोराला स्वतःचे छप्पर मिळते, त्याचे मोल कोणत्या तक्त्यात बसत नाही. आमचे म्हणणे एवढेच, की किंमत माहीत करून घ्या. काटा पाहिल्याशिवाय आपण उसाची गाडी खाली करत नाही; मग वीस वर्षांच्या कर्जाची सही तक्ता न पाहता का करावी?

आमच्या त्या सभासदांनी तेथूनच मुलाला फोन लावला. बराच वेळ बापलेकांचे बोलणे झाले. नोकरीचा भरवसा किती, हे पाहून मुदत वीसच ठेवायची, पण दरवर्षी बिल आले की चौदा टनांचे पैसे वडिलांनी द्यायचे आणि दिवाळीचा बोनस मुलाने मुद्दलात भरायचा, असे ठरले. मग त्यांनी कागद पिशवीत भरले आणि म्हणाले, "सही करतो. पण आता काय करतोय ते कळून करतो."

सभासदांनीही असे कागद घरी आले की सहीपूर्वी घेऊन यावेत. हिशेब मांडायला आम्ही बसू. पेढे नंतर आणले तरी चालतील.