पावसाळी पन्हळ आणि विजेचा धोका

मृगाचा पाऊस सुरू झाला, कीं कौलारू घराची पत्र्याची पन्हळ वाहूं लागते आणि तिच्या उभ्या नळाखालीं मुलें हटकून हात धरतात. पाणी निरुपद्रवी असतें. पन्हळही तशीच असेल, अशी हमी मात्र देतां येत नाहीं.

पन्हळ कांहीं विजेचें उपकरण नव्हे. मग तिच्यांत वीज येते कोठून? छपराच्या कडेनें नेलेली दिव्याची तार पत्र्याच्या धारेवर घासत राहते, तिचें वेष्टन उन्हापावसानें फाटतें आणि पन्हळीला थेट २३० व्होल्टांचा दाब मिळतो. लाकडी आधारांवर बसविलेल्या पन्हळींतून जमिनीकडे फारसा प्रवाह जात नाहीं. म्हणून दिवे नेहमींप्रमाणें जळतात आणि फ्यूजही शाबूत राहतो. ओल्या जमिनीवर उभा असलेला माणूस नळाला शिवला, कीं त्याचें शरीरच विजेची वाट बनतें. शरीराचा रोध सुमारें १,००० ओहम धरला, तर त्यांतून २३० मिलिॲम्पियर प्रवाह वाहील. प्राण घेण्यास याहून पुष्कळ कमी प्रवाह पुरतो.

यावर अनेकांना सुचणारा उपाय म्हणजे नळाशेजारीं सळई ठोकून तिला तार बांधणें. तो अपुरा आहे, हें साध्या भागाकारानें कळतें. सळईचा जमिनीशीं रोध १० ओहम असला, तर प्रवाह फार तर २३ ॲम्पियर होईल. ३२ ॲम्पियरांची एम. सी. बी. एवढ्यानें पडत नाहीं, आणि पन्हळींतील वीज तशीच राहते.

खरें रक्षण तीन गोष्टींनीं होतें. पहिली, तार पन्हळीपासून दूर, नळींतून न्यावी. दुसरी, तार लागण्याचा संभव उरत असल्यास पन्हळ घराच्या मुख्य अर्थिंगला जोडावी. रंग व रबरी चकत्या यांमुळें सांधे तुटक राहतात, तेही धातूच्या पट्टीनें जोडून घ्यावेत. तिसरी, ३० मिलिॲम्पियरची आर. सी. सी. बी. बसवावी. जाणारा व परत येणारा प्रवाह यांत एवढा फरक पडला, कीं ही कळ क्षणार्धांत वीज तोडते.

आकाशांतील विजेची गोष्ट निराळी. पन्हळ तिला ओढून घेत नाहीं. परंतु घरावर वीजवाहक बसविलेला असेल, तर त्याच्या पट्टीवरून जवळच्या पन्हळीवर ठिणगी उडूं शकते. तेथें दोहोंची जोड घालावी लागते.

हें काम परवानाधारक तंत्रज्ञाकडूनच करवावें. आर. सी. सी. बी.चें चाचणीचें बटण मात्र गृहस्थानें स्वतः वरचेवर दाबून पाहावें. कळ पडली नाहीं, तर जोड कितीही पक्की असो, घर असुरक्षितच समजावें.